वाचकांचे प्रश्न : पोत्यामागचा उंदीर आणि बांधावरचे बीळ

सुगी घरात येऊन पडली की उंदरांच्या तक्रारीची पत्रे सुरू होतात. मराठवाड्याच्या निरनिराळ्या तालुक्यांतून आलेल्या पत्रांपैकी काही निवडून त्यांची उत्तरे येथे देत आहोत. पत्रे लांब होती, मुद्द्यापुरती ठेवली आहेत.

आमचे जुने माळवदाचे घर आहे. आतल्या खोलीत ज्वारीची पोती रचलेली असतात. दुकानातून काळी पावडर आणून पिठात कालवून गोळ्या ठेवल्या. पहिल्या रात्री दोन उंदीर मेले, त्यानंतर एकही गोळी हलली नाही. माळवदात रात्रभर धावाधाव मात्र चालूच. औषध बनावट निघाले का?
*– एक वाचक, कळंब, जि. धाराशिव*

औषध बहुधा खरेच होते. चूक झाली ती ठेवण्याच्या पद्धतीत. ती काळी पावडर म्हणजे झिंक फॉस्फाइड. उंदराच्या पोटातल्या आम्लाशी तिचा संयोग झाला की विषारी वायू तयार होतो आणि काही तासांत उंदीर मरतो. अडचण याच वेगाची आहे. उंदीर नवी वस्तू दिसली की आधी बिचकतो, मग चिमूटभर खाऊन बघतो. त्याला उलटी करता येत नाही, म्हणून ही सावधगिरी त्याच्या अंगातच असते. चिमूटभर खाल्लेला उंदीर मरत नाही, पण त्याच्या पोटात कळ येते. लगेच आलेली कळ आणि नुकतेच खाल्लेले खाणे यांची सांगड तो घालतो आणि पुढे कित्येक आठवडे त्या चवीला शिवत नाही. तुमचे दोघे भुकेले होते, ते मेले. बाकीचे शहाणे झाले.

दुसरे म्हणजे, पाणी घालून मळलेल्या गोळ्यांत ही पावडर ओलाव्याने हळूहळू विघटित होते. शिवाय तिच्यावर उतारा नाही. राहत्या घरात ती वापरूच नका. उरलेल्या गोळ्या हातमोजे घालून गोळा करा आणि विहीर, हौद, गोठा यांपासून दूर खोल पुरा.

आता काय करायचे? कडीपाटात राहतो तो चढणारा घरउंदीर. त्याची शेपटी धडापेक्षा लांब, कान मोठे, लेंडी साधारण १२ मिलिमीटर आणि दोन्ही टोकांना निमुळती. तो जमिनीवर कमी फिरतो, भिंतीच्या वरच्या कडेने आणि तुळईवरून जातो. जिथून रोज अंग घासत जातो तिथे तेलकट काळा पट्टा उमटतो. बॅटरी घेऊन आधी हा पट्टा शोधा. सापळा तिथेच मांडायचा, खोलीच्या मधोमध नाही.

एक पिंजरा आणून रोज जागा बदलत बसण्याने काही होत नाही. चापाचे सापळे आठ-दहा आणा. सुक्या खोबऱ्याचा तुकडा किंवा तेल लावलेली भाकरी अडकवा आणि पहिले तीन दिवस चाप न लावता नुसतेच ठेवा. खाणे संपू लागले की चौथ्या रात्री सगळे एकदम लावा. सापळा भिंतीला काटकोनात आणि आमिषाचे टोक भिंतीकडे हवे. उंदीर मिशा भिंतीला लावून चालतो, त्यामुळे तोंड थेट आमिषावर येते. तुळईवर मांडलेला सापळा तारेने बांधा, नाहीतर अर्धमेला उंदीर तो घेऊन पोत्यांत पडतो.

विषच हवे असेल तर ब्रोमाडिओलोन ०.००५ टक्क्याची तयार वडी घ्या. ते रक्त गोठू देत नाही. उंदीर तीन ते दहा दिवसांनी मरतो, त्यामुळे कशाने मेला हे बाकीच्यांच्या ध्यानात येत नाही. तीन इंची पीव्हीसी पाइपचा दीड फुटाचा तुकडा भिंतीकडेला बांधून त्याच्या मध्यावर वडी ठेवा, म्हणजे लेकरांचा हात आणि कोंबडीची चोच सहजासहजी पोचत नाही. एक-दोन दिवसाआड बघा, संपली तर पुन्हा ठेवा, आणि खाणे बंद होईपर्यंत हे चालू ठेवा. वेष्टन फेकू नका. कोणाच्या पोटात गेले तर ते घेऊनच दवाखाना गाठावा लागतो. यावर के-१ जीवनसत्त्वाचा उतारा आहे, तो डॉक्टरांनीच द्यायचा. रक्त दिसायला दोन-तीन दिवस लागतात, तेव्हा ‘काही झालेले दिसत नाही’ म्हणून घरी थांबू नका.

एक उंदीर असे किती खातो? आणि लेंड्या पडलेली ज्वारी दळून खाल्ली तर चालते का?
*– एक गृहिणी, वसमत, जि. हिंगोली*

मोठा उंदीर दिवसाला २० ते २५ ग्रॅम धान्य खातो, म्हणजे महिन्याला पाऊण किलोच्या आतबाहेर. घरात दहा उंदीर धरले तर फाल्गुनात भरलेल्या ज्वारीतून दिवाळीपर्यंत ६० किलोच्या आसपास जाते. पण पोते हलके झाले याहून वाईट आहे ते नासाडीचे. एक उंदीर दिवसाला तीस-चाळीस लेंड्या टाकतो, फिरता फिरता थेंब थेंब मुततो, केस गळतात. दाण्याचा मऊ कोंब आधी कुरतडून बाकीचा दाणा तसाच सोडण्याचीही त्याला खोड असते. असे दाणे पेरले तर उगवत नाहीत, म्हणून घरच्या बियाण्याचे पोते फाटले तर उगवण तपासल्याशिवाय पेरू नका. ओल्या गोणपाटात शंभर दाणे गुंडाळून ठेवा. पाच-सहा दिवसांत सत्तरहून कमी उगवले तर ते बियाणे मोडीत काढा.

खाण्याच्या ज्वारीबद्दल : भोकाभोवतीचा ओला, गोळा झालेला, वास येणारा भाग ओंजळभर जास्तच काढून टाका. उरलेली आधी चाळा, मग पाखडा, मग निवडा. लेंडी ज्वारीच्या दाण्याहून लांब आणि हलकी असते, सुपात पुढे येते. त्यानंतर धुऊन कडक उन्हात वाळवा आणि मगच गिरणीत न्या. न धुता दळू नका. उंदराच्या लघवीतून लेप्टोस्पायरोसिसचे जंतू पसरतात. ओलाव्यात ते टिकतात, ऊन आणि कोरडेपणात मरतात. निवडताना हाताला चीर असेल तर हातमोजे घाला.

त्या खोलीत विष ठेवलेले होते आणि भरड्यासारखे काही धान्यात मिसळल्याची शंका असेल, तर ती ज्वारी माणसाला नाही आणि जनावरालाही नाही. जीव जड होतो, पण तिथे काटकसर नको.

आखाड्यावर धान्यासाठी दहा बाय बाराची पक्की खोली बांधतो आहे. उंदीर येणार नाही अशी कशी बांधावी? वडील म्हणतात, पूर्वी पेवात, म्हणजे जमिनीतल्या धान्याच्या खड्ड्यात, ज्वारी राहायची तेव्हा हा त्रास नव्हता.
*– एक शेतकरी, भोकर, जि. नांदेड*

वडिलांचे अर्धे खरे आहे. तोंड लिंपून बंद केलेल्या पेवात हवा संपते, तिथे कीड आणि उंदीर दोन्ही जगत नाहीत. मात्र कडेची ज्वारी ओल धरते, आणि पेव उघडल्या उघडल्या आत उतरलेला माणूस गुदमरून मरतो. आजही कोणी पेव उघडत असेल तर ते बराच वेळ मोकळे ठेवावे, आणि दिवा खाली सोडून तो तेवतो का हे पाहिल्याशिवाय उतरू नये.

खोलीचे माप मिस्त्रीला सांगताना एवढे धरा. जोते जमिनीपासून तीन फूट. उंदीर उभी उडी जेमतेम तेवढीच मारतो. पायऱ्या जोत्याला चिकटून बांधू नका, त्या उंदरालाही पायऱ्याच आहेत. लोखंडी, काढता येणाऱ्या ठेवा. घूस भिंतीखालून शिरते, म्हणून भिंतीला लागून दोन फूट खोल काँक्रीटचा पडदा घ्या आणि तळाशी बाहेरच्या बाजूला फूटभर आडवा काढा. उकरत आलेली घूस या आडव्या ओठाला अडते आणि मागे फिरते. फरशी काँक्रीटची, शेणमातीची नको.

दरवाज्यात बहुतेक जण फसतात. भिंत झकास असते आणि दाराखाली बोटभर फट असते. पेन्सिल शिरेल एवढ्या फटीतून चिमुकला उंदीर शिरतो, अर्ध्या इंचातून मोठ्याचे पिल्लू. दाराच्या तळाला दोन्ही बाजूंनी फूटभर उंचीचा २४ गेजचा जस्ती पत्रा ठोका, उंबऱ्यालाही पत्रा मारा आणि फट ६ मिलिमीटरच्या आत ठेवा. उंदराचे पुढचे दात वर्षाला दहा-बारा सेंटिमीटर वाढतात. झिजवले नाहीत तर त्याला तोंड मिटता येणार नाही. त्यामुळे लाकूड, प्लॅस्टिक, कच्चे प्लास्टर, ॲल्युमिनियम काहीही तो कुरतडतो. जाड जस्ती पत्र्यावर मात्र दात बसवायला कड सापडत नाही. झरोक्याला प्लॅस्टिकची मच्छरदाणी नको, ६ मिलिमीटर भोकाची लोखंडी जाळी हवी. वायरीचे आणि पाइपचे भोक काचेचे तुकडे मिसळलेल्या सिमेंटने भरा.

पत्र्याचे छप्पर असेल तर पन्हाळीच्या पत्र्याची टोके भिंतीवर टेकतात तिथे अर्धगोल फटी राहतात. त्या मसाल्याने भरून घ्या. बाहेरून घरउंदीर येतो तो तिथूनच. बाभूळ, लिंब यांची छताकडे आलेली फांदी किमान एक मीटर मागे छाटा.

आत पोती भिंतीपासून दोन फूट सोडून, लाकडी फळ्यांवर रचा. मधून माणूस चालला पाहिजे आणि फळ्यांखाली बॅटरीचा उजेड पडला पाहिजे. भिंतीला चिकटलेली थप्पी म्हणजे उंदराला मागून तयार घर. पत्र्याची कोठी घेणार असाल तर उत्तमच, फक्त ती विटांवर वीतभर उचलून ठेवा आणि खालच्या तोंडाला कडी लावा. कोठीत ओलसर धान्य भरले तर थंडीत पत्र्याला आतून पाणी सुटते आणि वरचा थर बुरशीतो. ज्वारी-गहू १२ टक्के ओलाव्याच्या खाली आणा. मापक नसेल तर दाणा दाताखाली धरा. कट् वाजून तुटला पाहिजे, चेपता कामा नये.

खोलीला लागून कडब्याची गंज, सरकीची पोती, जुने टायर ठेवू नका. निदान तीन फुटांची मोकळी पट्टी हवी. हे कोणी पाळत नाही, आणि नंतर खोलीला दोष देतात.

सोयाबीन निघाल्यावर बांधावर बिळेच बिळे दिसतात. हरभऱ्याचे घाटे आणि ज्वारीची ताटे तोडतात. ताट खालून तिरपे कापलेले असते. विष कधी आणि कसे टाकावे?
*– एक शेतकरी, गंगाखेड, जि. परभणी*

तिरपे कापलेले ताट ही उंदराचीच खूण. तो वर कणसाला पोचण्याऐवजी ताटच पाडतो. बिळाच्या तोंडाशी भुसभुशीत ताज्या मातीचा ढीग असेल तर ती काळी घूस. ती बिळाचे तोंड आतून मातीने बुजवते आणि आत कणसे, घाटे, ओंब्या साठवते. सुगीनंतर असे बीळ उकरले तर कधी किलोवारी माल निघतो. उकरणार असाल तर काठीने, हाताने नाही. रिकाम्या बिळात घोणस नाहीतर नाग मुक्कामाला असतो.

वेळ महत्त्वाची. कणीस भरल्यावर विष टाकले तर समोर ताजा दाणा असताना तुमचा भरडा कोण खाईल? पहिली मोहीम मे अखेर ते पहिला पाऊस या काळात घ्या. वावर मोकळे, खायला काही नाही, बिळे उघडी दिसतात. दुसरी खरीप निघाल्यावर, ज्वारी पोटऱ्यात येण्याआधी. उंदरीण तीन आठवड्यांत विते, एका वेळी सहा-आठ पिल्ले, आणि तीन महिन्यांत पिल्लेही विऊ लागतात. म्हणून उन्हाळ्यात मारलेली एक जोडी सुगीत मारलेल्या वीस उंदरांना भारी पडते.

क्रम असा. पहिल्या दिवशी संध्याकाळी दिसतील ती सगळी बिळे चिखलाने बुजवा. दुसऱ्या दिवशी सकाळी जी उकरलेली दिसतील किंवा जिथे ताजी माती आली असेल, तीच जिवंत बिळे. तेवढ्यांनाच काडीला चिंधी बांधून खूण करा. दुसऱ्या आणि तिसऱ्या दिवशी नुसता तेल चोळलेला ज्वारीचा भरडा, प्रत्येक बिळात १० ग्रॅम. हा साध्या आमिषाचा टप्पा लोक वेळखाऊ म्हणून गाळतात, आणि मग कळंबच्या वाचकासारखी गत होते. चौथ्या दिवशी विष : ९६० ग्रॅम भरडा, २० ग्रॅम शेंगदाणा किंवा करडईचे तेल, २० ग्रॅम झिंक फॉस्फाइड. आधी भरड्याला तेल चोळा, मग पावडर घालून काठीने हलवा. पाणी किंवा गूळपाणी अजिबात नको. मोकळ्या हवेत, वारा पाठीशी घेऊन, तोंडाला फडके आणि हातात हातमोजे. भांडे आणि काठी पुन्हा घरात येता कामा नये. कागदाच्या पुड्या करून बिळात वीतभर आत ढकला आणि तोंड पाल्याने झाका. बांधावर उघडे फेकलेले विष मोर, तितर आणि होले खातात.

दुसऱ्या दिवशी मेलेले उंदीर आणि उरलेल्या पुड्या गोळा करून पुरा. पुन्हा बिळे बुजवा. आठवड्याने जी उघडतील त्यांत झिंक फॉस्फाइड परत टाकू नका, तिथले उंदीर शहाणे झालेले असतात. तिथे ब्रोमाडिओलोन ०.२५ टक्के भुकटी वापरा. प्रमाण तेच, ९६०, २० आणि २०, प्रत्येक बिळात १५ ग्रॅम.

एकट्याने केले तर शेजारच्या बांधावरून पंधरवड्यात पुन्हा भरती होते. शिवारातल्या दहा-वीस जणांनी एकाच आठवड्यात करावे. सहायक कृषी अधिकाऱ्याला (पूर्वीचा कृषी सहायक) सांगितले तर तारीख ठरवायला मदत होते. रुंद बांध आणि त्यावरचे गाजरगवत म्हणजे घुशीची वाडी. बांध साफ ठेवा. धामण दिसली तर मारू नका. ती बिनविषारी आहे आणि बिळात शिरून उंदीर खाते, जे मांजराला जमत नाही. घुबडाला अपशकुनी म्हणणाऱ्यांनी त्याच्या झाडाखालचे गोळे फोडून पाहावेत, आत उंदराची हाडेच निघतात.

मोसंबीच्या ठिबकच्या नळ्या उन्हाळ्यात जागोजाग कुरतडतात. नळी खातात का?
*– एक बागायतदार, अंबड, जि. जालना*

खात नाहीत. दात झिजवायला आणि पाण्यासाठी फोडतात. दोन पाळ्यांमध्ये नळी फार दिवस कोरडी पडली की त्रास वाढतो. पाळी शक्य तेवढी जवळ आणा, झाडोरा आणि पाचट नळीपासून फूटभर दूर ओढा, बागेच्या कडेला दोन-तीन ठिकाणी मातीच्या परळात पाणी ठेवा. बिळांचा बंदोबस्त वरीलप्रमाणेच, पण मार्चमध्येच. फुटलेल्या जागी चिकटपट्टी टिकत नाही, तुकडा कापून जॉइनर टाका.

आमच्या वाड्यात विष न टाकताच चार-पाच उंदीर मेलेले सापडले. जुनी माणसे प्लेगची आठवण काढतात. घाबरण्याचे कारण आहे का?
*– एक वाचक, केज, जि. बीड*

घाबरू नका, पण गंमतही समजू नका. शेजाऱ्याने विष टाकले असण्याचा संभव सर्वात मोठा, तेव्हा आधी तिकडे विचारा. आठवण मात्र निराधार नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपानंतर धक्क्यांच्या भीतीने मराठवाड्यात अनेक जण घराबाहेर राहिले आणि धान्य बंद घरांत पडून राहिले. तिथे उंदीर वाढले, असे १९९४ च्या साथीचे स्पष्टीकरण तेव्हा दिले गेले. ऑगस्ट १९९४ मध्ये बीड जिल्ह्यातल्या मामला गावात गाठीच्या प्लेगचे रुग्ण आढळले. त्याआधी गावात पिसवा वाढल्याची आणि उंदीर पडत असल्याची तक्रार होती.

प्लेग माणसापर्यंत आणते ती पिसू. उंदीर मरून गार पडला की पिसवा त्याला सोडून दुसरे अंग शोधतात. म्हणून मेलेला उंदीर शेपटीने उचलू नका. आधी त्यावर आणि भोवती हातभर कीटकनाशक फवारा, थोडा वेळ जाऊ द्या, मग चिमट्याने किंवा हातावर उलटी घातलेल्या पिशवीने उचलून दोन फूट खोल पुरा. विषाशिवाय मरणे चालूच राहिले तर प्राथमिक आरोग्य केंद्रात कळवा. अशा वेळी उंदीर मारायची मोहीम काढू नका, पिसवा आणखी मोकळ्या सुटतील. आधी पिसवांची फवारणी, मग उंदीर. घरात कोणाला ताप येऊन जांघेत किंवा काखेत दुखरी गाठ आली तर त्याच दिवशी दाखवा. वेळेत प्रतिजैविक मिळाले तर रोग बरा होतो.

धान्यात टाकायच्या गॅसच्या गोळ्या उंदराच्या बिळात टाकल्या तर? खोली घराला लागूनच आहे.
*– एक वाचक, निलंगा, जि. लातूर*

टाकू नका. अॅल्युमिनियम फॉस्फाइडची ३ ग्रॅमची एक गोळी हवेतल्या ओलाव्याने १ ग्रॅम फॉस्फीन वायू सोडते. बिळाचे दुसरे तोंड तुमच्या झोपायच्या खोलीत उघडत असेल, हे वरून कळत नाही. भिंतीच्या फटीतून, वायरीच्या पाइपातून वायू शेजारच्या खोलीत जातो, आणि झोपेत आख्खे कुटुंब गेल्याच्या बातम्या दरवर्षी येतात. उतारा नाही. या गोळ्या प्रशिक्षित माणसानेच वापरायच्या आहेत, दुकानदार सुट्या देतो म्हणून घेऊ नका. घरात असतील तर ओल्या हाताने डबा उघडू नका, आणि निजायच्या खोलीत डबा ठेवू नका.

थोडक्यात

*सिमेंट-पीठ-साखर (परतूर) :* भरवशाचे नाही. उंदीर निवडून खातो, आणि कोरडे सिमेंट पोटात दगड होईलच असे नाही.

*आवाजाचे यंत्र (उदगीर) :* दोन-चार दिवस बिचकतात, मग सरावतात. हा आवाज पोत्यांच्या थप्पीमागे जात नाही आणि उंदीर नेमका तिथे असतो. तेवढ्या पैशात दाराला पत्रा बसतो.

*पिंजऱ्यातला उंदीर ओढ्यापलीकडे सोडणे (माजलगाव) :* ओढ्यापलीकडेही कोणाची तरी कोठी आहे.

*मांजर (कन्नड) :* पाळा, पण ब्रोमाडिओलोन ठेवलेल्या काळात तिला घरात खाऊ घाला. विष खाल्लेला सुस्त उंदीर ती आधी पकडते, आणि ते विष तिच्या पोटात जाते.

*चिचुंद्री (सेलू) :* ती उंदीर नाही. लांब सोंडेचे तोंड, कुबट वास, चिक्चिक् आवाज. झुरळे आणि किडे खाते, धान्याच्या पोत्याला सहसा दात लावत नाही. पिंजऱ्यात सापडली तर सोडून द्या, आणि पोते कोणी फोडले ते वर तुळईवर बघा.